बघीराला सात्त्विक ठरवू नका

मेक्सिको आणि मध्य अमेरिकेच्या रानात नखावर मावेल एवढा एक कोळी राहतो. त्याचं शास्त्रीय नाव बघीरा किपलिंगी. जाळं विणून सावज अडकायची वाट बघत बसणाऱ्यांतला तो नाही, तो उड्या मारणाऱ्यांतला आहे. आणि त्याच्या पोटात जातं त्यातलं बरंचसं झाडाचं असतं. जगात कोळ्यांच्या पन्नास हजारांहून जास्त जातींची नोंद झाली आहे. त्यांत मुख्यतः वनस्पतीवर जगणारा म्हणून ठाऊक असलेला हा एकच. इथपर्यंत सगळं खरं आहे, आणि इथंच थांबलं असतं तर हा लेख लिहायची वेळ आली नसती.

पण आपल्याकडे ही माहिती मोबाइलवर येते ती हिरवा ठिपका लावूनच येते. 'जगातला एकमेव शाकाहारी कोळी!' पुढे जोडलेल्या हातांची इमोजी. आणि खाली कुणी ना कुणी लिहिलेलं असतंच, की एवढ्याशा किड्याला कळतं, माणसाला कळत नाही. (कोळी हा कीटक नाही, त्याला आठ पाय असतात, हे सांगायला गेलं की आपणच भांडखोर ठरतो.) या कोळ्याला 'शाकाहारी' म्हणणं ही निरागस चूक नाही, असं माझं म्हणणं आहे. त्या शब्दानं एका अट्टल चोराला गंधटिळा लावून देवळात बसवलं आहे, आणि तो तिथं का बसवला जातो ते आपण नीट बघायला हवं.

आधी त्याचं झाड बघू, कारण सगळी गंमत झाडात आहे.

ते झाड बाभळीचं जवळचं नातेवाईक. आपली गावठी बाभूळ आणि तिकडची ती, दोन्ही आता व्हॅचेलिया या एकाच प्रजातीत धरतात. पण आपल्या बाभळीचा काटा नुसता टोचतो. तिकडचा काटा फुगीर असतो, बैलाच्या शिंगांसारखा जोडीनं येतो आणि आतून पोकळ असतो. त्या पोकळीत मुंग्या राहतात. पानाच्या देठावर बारीक ग्रंथी असतात, त्यांतून गोड रस पाझरतो. तो मुंग्यांनी प्यायचा. आणि कोवळ्या पर्णिकांच्या टोकांना छोटी छोटी बोंडं येतात, त्यांत प्रथिनं आणि स्निग्ध पदार्थ असतात. ती मुंग्यांनी तोडून न्यायची आणि आपल्या अळ्यांना भरवायची. या बोंडांना 'बेल्टियन बॉडी' म्हणतात, थॉमस बेल्टच्या नावावरून. हा इंग्रज निकाराग्वातल्या सोन्याच्या खाणीवर नोकरीला होता आणि उरलेल्या वेळात किडेमुंग्या बघायचा. १८७४च्या आपल्या पुस्तकात त्यानं लिहून ठेवलं की या मुंग्या म्हणजे झाडानं पाळलेली फौज आहे.

बेल्टचं म्हणणं प्रयोगानं सिद्ध व्हायला नव्वद वर्षं गेली. डॅनियल जॅन्झेन या तरुण अमेरिकन संशोधकानं मेक्सिकोत काही झाडांवरच्या मुंग्या काढून टाकल्या आणि काय होतं ते बघत राहिला. मुंग्या नसलेली झाडं किड्यांनी खाल्ली, वेलींनी आणि शेजारच्या झुडपांनी दाबून टाकली. मुंग्या असलेली झाडं वाढत राहिली. १९६६ मध्ये त्यानं हे मांडलं आणि आज जगभरच्या पर्यावरणशास्त्राच्या पुस्तकांत हे उदाहरण असतं. मुंग्या पान खायला आलेल्या कुणालाही चावतात, डंख मारतात, आसपास उगवणारं रोप कुरतडून टाकतात. त्याबदल्यात त्यांना राहायला घर, प्यायला रस आणि पोराबाळांना खाऊ. राखणदार आणि त्याचा पगार, असा सरळ व्यवहार.

आता या व्यवहारात आपला बघीरा कुठे बसतो? कुठेच नाही. तो राखण करत नाही, झाडाला काही देत नाही, मुंग्यांशी त्याचा काही करार नाही. तो राखणदाराच्या डब्यातलं खातो. बोंडं मुंग्यांच्या अळ्यांसाठी असतात आणि बघीरा ती पळवतो. हे मी रंगवून सांगत नाही. २००९ मध्ये 'करंट बायॉलॉजी' या नियतकालिकात ज्या शोधनिबंधानं हा कोळी प्रसिद्ध केला, त्याच्या शीर्षकातच 'एक्स्प्लॉयटेशन' हा शब्द आहे. आणि 'हर्बिव्होरी' हा आहे. 'व्हेजिटेरियन' त्या शीर्षकात नाही. तो शब्द बातम्यांच्या मथळ्यांनी आणला, आणि तिथून तो आपल्याकडे येताना जे व्हायचं ते झालं. त्याकडे येतोच, पण आधी चोरी बघू, कारण ती खरोखर बघण्यासारखी आहे.

उड्या मारणाऱ्या कोळ्याला आठ डोळे असतात आणि पुढचे दोन भलेमोठे, गाडीच्या दिव्यांसारखे. त्यांची नजर एवढ्याशा जिवाच्या मानानं अफाट तीक्ष्ण असते. मागच्या पायांत रक्ताचा दाब वाढवून तो पाय झटक्यात सरळ करतो आणि उडी जाते. वाघानं सावजावर झेप घ्यावी तशी झेप घेण्यासाठी हे सगळं घडलेलं आहे. बघीराजवळ हेच सामान आहे, पण तो ते मुंग्यांना चुकवण्यासाठी वापरतो. घरटं करतो ते जुन्या पानांच्या टोकाशी, जिथं मुंग्यांची गस्त कमी. बोंडाकडे जाताना वाटेत मुंगी दिसली तर थांबतो, दिशा बदलतो, दुसऱ्या पानावर उडी घेतो, नाहीतर धागा सोडून लोंबकळतो. फांदीवर शेकडो मुंग्या, एक चावली तर दहा धावून येणार, आणि हा त्यांच्यामधून बोंड तोडून पसार. कोळ्याचं भक्ष्य पळून जातं हे आपल्याला माहीत असतं. इथं भक्ष्य जागचं हलत नाही, पळावं लागतं ते खाणाऱ्याला.

आणि त्याच्या ताटात फक्त बोंडं असतात का? मेक्सिकोच्या किंताना रो भागात तो जे खाताना दिसला त्यात नव्वद टक्क्यांहून जास्त बोंडं होती. कोस्टा रिकात तेच प्रमाण साठ टक्क्यांच्या आसपास. बाकी गोड रस, आणि मुंग्यांच्या अळ्या. कामकरी मुंगी तोंडात अळी धरून निघालेली असते, हा ती तिच्या तोंडातून हिसकावतो. म्हणजे आधी पोराचा खाऊ पळवायचा आणि मग संधी मिळाली तर पोरच. कोरड्या हंगामात तो आपल्याच जातीच्या कोळ्यांनाही खातो. चातुर्मास पाळणारा कोळी म्हणून त्याचा फोटो पुढे ढकलणाऱ्यांनी हे वाक्य पुन्हा एकदा वाचावं.

यावर कुणी म्हणेल की थोडंफार इकडेतिकडे झालं तरी शरीर वनस्पतीवरच पोसलं जातं ना? होय, आणि तेही संशोधकांनी तपासलं आहे. नायट्रोजनचा एक जड प्रकार असतो. खाणारा ज्याला खातो त्याच्यापेक्षा खाणाऱ्याच्या शरीरात तो थोडा जास्त साठतो. म्हणून झाडात कमी, झाड खाणाऱ्यात थोडा जास्त, आणि त्याला खाणाऱ्यात आणखी जास्त असा तो चढत जातो. बघीराच्या शरीरात हे प्रमाण वनस्पती खाणाऱ्या प्राण्यांसारखंच निघालं. त्यामुळे तो वनस्पतिभक्षी आहे, यात वाद नाही. मी 'वनस्पतिभक्षी' म्हटलं. 'शाकाहारी' म्हटलं नाही. सगळं भांडण या दोन शब्दांचं आहे.

इंग्रजीत दोन शब्द वेगळे आहेत. प्राणी काय खातो ते सांगणारा एक, आणि माणसानं ठरवून काय सोडलं ते सांगणारा दुसरा. मराठीतही वेगळे आहेत, पण आपण शाळेपासून ते एकत्र कालवलेत. गाय शाकाहारी, वाघ मांसाहारी, कावळा मिश्राहारी. जोड्या लावा, पाच गुण. त्याच शब्दाची पाटी मग हॉटेलवर दिसते, त्याच्या आधी 'शुद्ध' लागतं. तोच शब्द फ्लॅट भाड्यानं देण्याच्या जाहिरातीत येतो आणि तिथं त्याचा अर्थ आहाराचा उरत नाही. तुम्ही कोण आहात, तुमचं आडनाव काय, हे विचारायची ती सभ्य रीत असते. आपल्या बोलण्यात या शब्दात जात आहे, सोवळं आहे, शेजारच्या घरातून येणारा वास आहे. तसा तो शब्द उचलून मेक्सिकोतल्या कोळ्याला चिकटवला की कोळ्याला काही होत नाही. आपण मात्र एक प्राणी न बघताच पवित्र करून टाकतो.

आणि मराठीत तर याला आणखी एक पदर आहे, जो दुसऱ्या भाषेत सापडणार नाही. 'शाकाहारी कोळी' हे दोन शब्द मुंबईच्या एखाद्या कोळीवाड्यात, सकाळी मासळीच्या टोपल्या उतरत असताना, मोठ्यानं उच्चारून बघा. लोक हसतील. पण याच शहरात सुक्या बोंबलाच्या वासावरून सोसायटीच्या बैठका होतात, आणि त्या बैठकीत कुणी हसत नाही.

प्राण्यांना साक्षीला बोलावायची आपली सवय जुनी आहे. हत्ती बघा, केवढी ताकद, पण शाकाहारी. घोडा बघा. माणसाचे दात बघा, आतडं बघा, निसर्गानं आपल्याला यासाठी घडवलेलंच नाही. ही वाक्यं तुम्ही लग्नाच्या पंगतीत ऐकली असतील, योगाच्या शिबिरात ऐकली असतील. आता त्या साक्षीदारांच्या रांगेत हा कोळी आणून उभा केला आहे, आणि तो सगळ्यांत भारी पडतो, कारण त्याचे भाऊबंद सगळे शिकारी. वाल्याचा वाल्मीकी झाला, अशी ती गोष्ट बसते.

पण साक्षीदार नीट तपासले तर यांतला एकही टिकत नाही. शरीरात फॉस्फरस कमी पडला की गाय हाडं चघळते. गुराख्याला हे कुणी शिकवावं लागत नाही. स्कॉटलंडच्या रम बेटावरची हरणं समुद्रपक्ष्यांच्या पिल्लांची डोकी आणि पाय खातात, याची नोंद आहे. उलट बाजूनं, ज्यांना आपण पक्के मांसाहारी म्हणतो ते कोळीही अधूनमधून झाडाचं खातात. गोल जाळं विणणाऱ्या काही कोळ्यांची पिल्लं आपलं जुनं जाळं गिळतात तेव्हा त्याला चिकटलेले परागकणही पोटात जातात आणि पचतात. २०१६ मध्ये आलेल्या एका आढाव्यात दहा कुळांतल्या साठहून अधिक जातींचे कोळी वनस्पतीचं काही ना काही खाताना दिसल्याचं नोंदवलं आहे. पराग, रस, बीजाणू, मिळेल ते. शाळेच्या वहीतल्या तीन रकान्यांत ही दुनिया मावत नाही.

दुसऱ्या बाजूच्या मित्रांनी इथं टाळ्या वाजवायला सुरुवात केली असेल, तर त्यांनाही थांबवतो. 'बघा, शाकाहारी म्हणवणारा कोळीसुद्धा अळ्या खातो' असं म्हणून मटणाच्या थाळीचा फोटो टाकणं हा तोच उद्योग आहे, फक्त ठिपक्याचा रंग बदललेला. कोळ्याच्या खाण्यातून माणसानं काय खावं हे निघत नाही. त्यानं अळी हिसकावली म्हणून मांसाहार योग्य ठरत नाही आणि बोंड खाल्लं म्हणून शाकाहारही नाही. ज्याला मांस सोडायचं त्यानं खुशाल सोडावं. त्यासाठी दया आहे, धर्म आहे, तब्येत आहे, हवामानबदल आहे. पुष्कळ चांगली कारणं आहेत आणि ती माणसांची कारणं आहेत. मी स्वतः काय खातो ते मी इथं सांगणार नाही. सांगितलं की लेख तिथंच संपेल आणि पुढचं वाचायच्या आधी मी कोणत्या बाजूचा हे ठरून जाईल.

'अहो, एवढा काय त्रागा? एक गंमतशीर माहिती आहे, लोकांना कोळ्याबद्दल प्रेम वाटतंय, वाटू द्या की.' हा आक्षेप मला पटण्यासारखा वाटला असता, जर ते प्रेम कोळ्यांवर असतं तर. तुमच्या घरातल्या भिंतीवर, खिडकीच्या चौकटीत, एक बारका करडा कोळी टुणटुण उड्या मारत फिरतो. तोही बघीराच्याच कुळातला. तो माश्या खातो, डास खातो, तुमच्या ताटाकडे त्याचं लक्षही नसतं. तुम्ही बोट पुढे केलं तर मान वळवल्यासारखा अख्खा वळून तुमच्याकडे बघतो. त्याच्या वाट्याला काय येतं? केरसुणी, नाहीतर चप्पल. डेंग्यूच्या दिवसांत डास खाणारा मांसाहारी कोळी झटकून टाकायचा आणि मेक्सिकोतल्या कोळ्याला हात जोडायचे, याला मी कोळ्याचं प्रेम म्हणत नाही.

आणि ही गंमत फोनमध्येच राहते असंही नाही. २०२३च्या नोव्हेंबरात महाराष्ट्र सरकारनं शाळेच्या पोषण आहारात आठवड्यातून एक अंडं द्यायचं ठरवलं. लगेच विरोध सुरू झाला. २०२५च्या जानेवारीत अंड्यासाठीचा सरकारी निधी बंद झाला. ज्या शाळेला द्यायचं असेल तिनं लोकवर्गणीतून द्यावं, असं ठरलं. ज्या मुलांना नको होतं त्यांच्यासाठी केळ्याची सोय आधीपासून होतीच. हे कोळ्यामुळे झालं असं म्हणण्याइतका मी खुळा नाही. पण 'निसर्गच शाकाहारी आहे' हे वाक्य हवेत इतकं मुरलेलं असतं की एका पोराच्या ताटातलं अंडं काढताना कुणाला फारसं बोलावंच लागत नाही. त्या हवेत एक एक फॉरवर्ड आपला श्वास सोडत असतो.

नावानं प्राणी झाकला जाणं या कोळ्याला नवीन नाही. १८९६ मध्ये जॉर्ज आणि एलिझाबेथ पेकहॅम या अमेरिकेतल्या मिलवॉकीच्या नवरा-बायकोनं त्याचं पहिलं वर्णन केलं. दोघंही उड्या मारणाऱ्या कोळ्यांच्या अभ्यासातले मोठे लोक. नर कोळी मादीपुढे नाचतात, त्याच्या त्यांनी केलेल्या नोंदी आजही वाचल्या जातात. दोनच वर्षांपूर्वी 'द जंगल बुक' आलं होतं आणि पेकहॅम दाम्पत्य त्याच्या प्रेमात असावं, कारण त्या एका वर्षात त्यांनी कोळ्यांच्या प्रजातींना बघीरा, अकेला, मेसुआ आणि नगैना अशी चार नावं दिली. बघीराला तर आडनावही लेखकाचं. अशा रीतीनं मुंबईत जन्मलेल्या किपलिंगचं नाव आणि आपल्याकडच्या जंगलातल्या काळ्या बिबट्याचं नाव ग्वाटेमाला-मेक्सिकोच्या कोळ्याला लागलं. गोष्टीतला बघीरा मोगलीला लांडग्यांच्या टोळीत घ्यावं म्हणून नुकताच मारलेला बैल देतो. त्याच्या नावाचा कोळी आज सात्त्विकतेचा ब्रँड अँबॅसडर आहे.

पेकहॅमनी वर्णन केलं ते फक्त नराचं. मादीचं वर्णन व्हायला १९९६ उजाडलं, म्हणजे बरोबर शंभर वर्षं. आणि तो खातो काय, हे कुणी पहिल्यांदा बघितलं ते २००१ मध्ये, कोस्टा रिकात, एरिक ओल्सन या जीवशास्त्रज्ञानं. तोवर तो संग्रहालयाच्या बाटलीत होता, यादीत होता, झेप घेणाऱ्या बिबट्याचं नाव लावून होता, आणि कोळी म्हणजे शिकारी हे सगळ्यांना ठाऊकच होतं. मग झाडाजवळ जाऊन बसायचं कशाला?

२००७ मध्ये ख्रिस्तोफर मीहान नावाचा मुलगा किंताना रोच्या झाडांजवळ जाऊन बसला. तो तेव्हा पदवीचा विद्यार्थी होता, म्हणजे हे वाचणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांच्या वयाचा. ओल्सननं आधी काय बघितलंय हे माहीत नसताना त्यानं तेच बघितलं: कोळी पानाच्या टोकाकडे जातो, बोंड तोडतो आणि खातो. पुढे दोघं एकत्र आले आणि दोन्ही देशांतली निरीक्षणं जोडून तो २००९चा निबंध झाला. तिथल्या निम्म्याहून जास्त झाडांवर बघीरा सापडतो, तर कोस्टा रिकात शंभरात पाच झाडांवरही नाही. झाड साधारण तेच, मुंग्याही त्याच जातकुळीच्या, मग एकीकडे एवढा आणि दुसरीकडे एवढाच का? कोळ्याचं तोंड भक्ष्यात पाचकरस सोडून ते पातळ करून शोषण्यासाठी असतं. हे तंतूंनी भरलेलं बोंड तो पचवतो कसा? 'शाकाहारी' म्हणून हात जोडले की यातला एकही प्रश्न पडत नाही. उत्तर आधीच मिळालेलं असतं, आणि तेही भलत्याच प्रश्नाचं.

तेव्हा पुढच्या वेळी तो फोटो तुमच्या घरच्या ग्रुपवर आला तर मथळा बदलून परत पाठवा: 'राखणदार मुंग्यांच्या डब्यातलं चोरून खाणारा, जमलं तर त्यांची पोरंही पळवणारा कोळी'. लांब आहे, मान्य. हात जोडलेली इमोजी त्यापुढे बसत नाही, हेही मान्य. मावशी विचारतील की मग हा चांगला का वाईट? त्यांना त्या झाडाचा काटा दाखवा, आतून पोकळ असतो तो, आणि त्यात कोण राहतं ते सांगायला सुरुवात करा.